आफ्रिकेची प्रतिमा आणि तिथले राजकारण: वृत्तमाध्यमांचा वाटा नेमका किती?

तळटीप

'द इकॉनॉमिस्ट' या ब्रिटिश साप्ताहिकाने मे २००० मध्ये आफ्रिकेच्या नकाशात शस्त्र घेतलेला एक तरुण दाखवला आणि संपूर्ण खंडाला 'आशा नसलेला खंड' ठरवून टाकले. डिसेंबर २०११ मध्ये त्याच साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर आफ्रिकेच्या आकाराचा पतंग उडत होता आणि मथळा होता 'उगवती आफ्रिका'. पहिल्या अंकाच्या वेळी सिएरा लिओनमध्ये यादवी पेटलेली होती, दुसऱ्याच्या वेळी तेल आणि खनिजांचे भाव चढे होते. म्हणजे दोन्ही मथळ्यांना काही ना काही आधार होता. परंतु एका देशातले युद्ध किंवा काही वर्षांची भाववाढ हा पन्नासहून अधिक देशांच्या भवितव्याचा निकाल कसा होऊ शकतो? नव्वदच्या दशकात बाल्कन प्रदेशात जी युद्धे झाली त्यांवरून कोणी युरोपला आशा नसलेला खंड म्हटल्याचे माझ्या वाचनात नाही.

जाणकारांना दोन गोष्टी विचारायच्या आहेत. हे चित्रण पूर्वग्रहातून होते, की बातमी तयार होण्याची पद्धतच तशी आहे? आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे, या चित्रणाचा आफ्रिकी देशांच्या राजकारणावर प्रत्यक्ष परिणाम होतो, की केवळ अस्मिता दुखावण्यापुरता हा विषय आहे?

कोरडवाहू

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर माझ्या मते 'होतो' असे आहे, आणि त्यासाठी १९८४ चा इथिओपिया पाहावा.

त्या वर्षी २३ ऑक्टोबरला बीबीसीने मायकेल ब्यूर्क यांचा कोरेम येथील वृत्तांत दाखवला. पहाटेच्या गारठ्यात उघड्या मैदानावर बसलेली हजारो माणसे आणि कापडात गुंडाळून ओळीने ठेवलेली प्रेते ही त्यातली दृश्ये जगभर पोहोचली. ती टिपणारे मोहम्मद अमीन हे नैरोबीत जन्मलेले, मूळच्या पंजाबी कुटुंबातले छायाचित्रकार होते, हे आपल्याकडे फारसे कोणाला ठाऊक नसते. ब्यूर्क यांनी त्या दृश्याला विसाव्या शतकातला बायबलकालीन दुष्काळ म्हटले. पुढे मदतनिधीची लाट उसळली आणि जुलै १९८५ मध्ये लंडन व फिलाडेल्फियात 'लाइव्ह एड'चे संगीताचे महाकार्यक्रम झाले. त्या पैशाने आणि धान्याने असंख्य जीव वाचले, याबद्दल दुमत नसावे.

परंतु बायबलची उपमा आली की दुष्काळ ही दैवी आपत्ती होते आणि सरकार चित्रातून बाहेर जाते. पाऊस पडला नव्हता हे खरेच. पण तिग्राय आणि वोलो या प्रांतांत हुकूमशहा मेंगिस्तू यांच्या राजवटीची बंडखोरांविरुद्ध जी लष्करी मोहीम चालू होती, तिने शेती मोडली, बाजार बंद पाडले आणि धान्याची ये-जा रोखली. याच राजवटीने सप्टेंबर १९८४ मध्ये, म्हणजे वृत्तांताच्या जेमतेम महिनाभर आधी, अदिस अबाबात क्रांतीचा दहावा वर्धापनदिन थाटामाटाने साजरा केला, आणि तो पार पडेपर्यंत दुष्काळाची वाच्यता होऊ दिली नाही. मदत आल्यानंतर उत्तरेतल्या लोकांना दूर नैऋत्येकडे हलवण्याची सक्तीची मोहीम सुरू झाली. तिच्यावर उघड टीका करणाऱ्या 'मेदसँ सां फ्राँतिएर' या डॉक्टरांच्या मदतसंस्थेच्या फ्रेंच शाखेला डिसेंबर १९८५ मध्ये देशाबाहेर काढण्यात आले. प्रेक्षकांना मात्र भेगाळलेली जमीन तेवढी आठवत राहिली.

महाराष्ट्रातल्या १९७२ च्या दुष्काळाशी तुलना केली तर माध्यमांचा खरा राजकीय उपयोग कुठे असतो ते दिसते. पाऊस इथेही पडला नव्हता, हालही अतोनात झाले. पण खडी फोडण्याची आणि पाझर तलावांची कामे निघाली, ती निघाली नाहीत तिथे मोर्चे निघाले, त्यांच्या बातम्या आल्या, विधानसभेत प्रश्न विचारले गेले. अमर्त्य सेन यांनी मोकळी वृत्तपत्रे आणि निवडणुका असलेल्या देशात मोठ्या प्रमाणावर भूकबळी पडत नाहीत असे जे मांडले, त्यात हेच गृहीत आहे की बातमी त्याच देशातल्या सत्ताधाऱ्याला टोचली पाहिजे. इथिओपियाची बातमी लंडनच्या श्रोत्याला हलवून गेली. मेंगिस्तू यांना मतदारांना तोंड द्यायचेच नव्हते. ते १९९१ पर्यंत सत्तेवर राहिले.

नैरोबीवासी

मी कामानिमित्त बरीच वर्षे केनियात आहे, त्यामुळे थोडे इथले सांगतो.

जुलै २०१५ मध्ये बराक ओबामा नैरोबीला येण्याच्या सुमारास सीएनएनने या प्रदेशाला 'दहशतीचे आगर' म्हटले. त्या दिवशी समाजमाध्यमांवर केनियन लोकांनी जी खिल्ली उडवली ती अजून इथल्या गप्पांत निघते. ऑगस्टमध्ये त्या वाहिनीच्या एका वरिष्ठ अधिकाऱ्याला नैरोबीत येऊन राष्ट्राध्यक्ष उहुरू केन्याटा यांची माफी मागावी लागली. एखाद्या आफ्रिकी देशाने बड्या वाहिनीला असे नमवल्याचा सर्वांना आनंद झाला, आणि तो रास्तही होता.

मात्र त्याच केन्याटा सरकारने ३० जानेवारी २०१८ रोजी काय केले तेही पाहा. वादग्रस्त निवडणुकीनंतर विरोधी नेते रायला ओडिंगा यांनी नैरोबीतल्या उहुरू पार्क या मैदानात स्वतःचा 'जनतेचे अध्यक्ष' म्हणून शपथविधी करून घेतला. तो थेट दाखवू नये अशी तंबी झुगारणाऱ्या सिटिझन, एनटीव्ही आणि केटीएन या वाहिन्यांचे प्रक्षेपण सरकारने बंद पाडले, आणि उच्च न्यायालयाने ते पूर्ववत करण्याचा आदेश दिल्यावरही अनेक दिवस टाळाटाळ केली. परक्या वाहिनीने देशाची बदनामी केली म्हणून कळवळणारे सरकार आपल्याच वाहिन्यांच्या बाबतीत किती हळवे होते, हे तेव्हा दिसले.

त्यामुळे सगळी चर्चा लंडन-न्यूयॉर्कभोवती फिरवू नये असे मला वाटते. इथले राजकारण घडते ते किकुयू, लुओ, कालेंजिन अशा भाषांतल्या एफएम केंद्रांवर. मटाटूत, म्हणजे इथल्या खाजगी प्रवासी गाड्यांत, चालक ज्या भाषेचे केंद्र लावतो त्यावरून प्रवाशांच्या चर्चेचा सूर ठरतो. २००७ च्या निवडणुकीनंतर अकराशेहून अधिक माणसे मारली गेली, तेव्हा या केंद्रांवर गंभीर आरोप झाले. कास एफएमचे निवेदक जोशुआ सांग यांच्यावर तर हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयात खटला चालला. पुरावा अपुरा ठरल्याने तो एप्रिल २०१६ मध्ये बंद झाला. याचा परिणाम असा की २०१३ च्या निवडणुकीत केनियन माध्यमे इतकी जपून वागली की मतमोजणीतल्या गोंधळाबद्दल नीट प्रश्नही विचारले गेले नाहीत, अशी टीका पुढे झाली. शांतता राखण्याच्या नावाखाली पत्रकाराने तोंड मिटून बसणे हाही राजकारणावरचा परिणामच होय.

रवांडात तर याचे टोक गाठले गेले. जुलै १९९३ मध्ये सुरू झालेले आरटीएलएम हे रेडिओ केंद्र लोकप्रिय काँगोली संगीत आणि चुरचुरीत गप्पा यांच्या जोरावर घराघरांत शिरले. एप्रिल १९९४ मध्ये कत्तल सुरू झाल्यावर तेच केंद्र अल्पसंख्य तुत्सी समाजाला झुरळे म्हणत माणसांची नावे आणि ठावठिकाणे सांगू लागले. सुमारे आठ लाख माणसे मारली गेली. त्या वेळी परदेशी वार्ताहरांचा मोठा ताफा दक्षिण आफ्रिकेत होता, कारण २७ एप्रिलला तिथली सर्व वर्णांच्या लोकांना मताधिकार असलेली पहिली निवडणूक होती. रवांडाच्या सीमेवर कॅमेऱ्यांची दाटी झाली ती जुलैमध्ये, बहुसंख्य हुतू समाजातले लाखो निर्वासित सीमेपलीकडे आजच्या काँगोतल्या गोमा येथे पोहोचून पटकीने मरू लागले तेव्हा. आणि त्या गर्दीत कत्तल करणारेही मिसळलेले होते. घरच्या माध्यमाने माणसे मारायला लावली आणि बाहेरच्यांना पोहोचायला उशीर झाला, असे दोन्ही एकाच वेळी घडले.

उंबरठा

नैरोबीवासी यांच्याशी बव्हंशी सहमत. फक्त प्रतिमेची किंमत पैशातही मोजली जाते, एवढी भर घालतो. 'आफ्रिका नो फिल्टर' या संस्थेने २०२४ मध्ये असा अंदाज मांडला की माध्यमांतल्या नकारात्मक चित्रणामुळे आफ्रिकी देशांना कर्जांवर दर वर्षी सुमारे ४.२ अब्ज डॉलर जादा व्याज मोजावे लागते. हा आकडा मी जरा सावधपणेच घेतो, कारण व्याजदरात विशेषणांचा वाटा किती आणि तिजोरीच्या खऱ्या दुखण्यांचा किती, हे वेगळे काढणे महाकठीण आहे. पण २०१४ मध्ये इबोलाची साथ मुख्यतः गिनी, लायबेरिया आणि सिएरा लिओन या पश्चिमेकडच्या तीन देशांत असताना हजारो किलोमीटर दूरच्या केनिया-टांझानियातल्या सफारीही पर्यटकांनी रद्द केल्या, हे उदाहरण मात्र कोणत्याही गणिताविना पटते.

जुना बातमीदार

तळटीप यांच्या पहिल्या प्रश्नाला अजून कोणी हात घातलेला नाही, म्हणून लिहितो. मी मराठी दैनिकात परदेशाचे पान लावलेले आहे. रात्री जागा उरते दोन स्तंभांची, समोर वृत्तसंस्थांच्या तारा असतात, आणि आफ्रिकेची बातमी लागते ती बहुधा स्फोट, बोट बुडणे, सत्तापालट यांपैकीच. झांबियात सत्तांतर शांततेने झाले, अशा बातमीला उपसंपादक 'उद्या पाहू' म्हणतो आणि तो उद्या येत नाही. यात द्वेष नसतो. त्या तारेमागे पैसा कोणाचा आणि बातमीदार कोणत्या शहरात बसतो, यावर सारे ठरते. रॉयटर्स, फ्रान्सची आवास आणि जर्मनीची वोल्फ या संस्थांनी १८७० मध्ये जगाची वाटणीच करून घेतली होती, आणि साम्राज्ये गेल्यावरही बातम्यांचे मार्ग बरेचसे तेच राहिले. आफ्रिकी वृत्तपत्रेदेखील शेजारच्या देशाची बातमी पुष्कळदा एएफपी या फ्रेंच वृत्तसंस्थेकडून किंवा बीबीसीकडून घेतात, कारण तिथे स्वतःचा माणूस ठेवणे त्यांना परवडत नाही.

यावर उपाय करून झालेले आहेत. अलिप्त देशांनी १९७५ पासून वृत्तसंस्थांचा एकत्रित साठा चालवला, युनेस्कोच्या मॅकब्राइड आयोगाने १९८० मध्ये जागतिक बातमीप्रवाहातल्या असमतोलावर अहवाल दिला (त्या आयोगावर आपले पत्रकार बी. जी. व्हर्गीस होते), डाकारमधून 'पाना' ही अखिल आफ्रिकी वृत्तसंस्था सुरू झाली. अमेरिकेने १९८४ च्या अखेरीस युनेस्को सोडली, त्याला हा वादही कारणीभूत होता. पण स्पष्टच सांगायचे तर त्या साठ्यातून येणारा मजकूर मंत्र्यांच्या भाषणांचा असे, आणि तो केराच्या टोपलीत टाकणारे संपादक केवळ वसाहतवादी मनोवृत्तीचे होते असे म्हणता येणार नाही. बातमीत बातमी नव्हती.

आपलेही एक सांगतो. मुंबई-पुण्याच्या गुन्हेवृत्तात अमली पदार्थांसह पकडलेला कोणताही कृष्णवर्णीय माणूस मथळ्यात 'नायजेरियन' होतो. तो घानाचा की टांझानियाचा हे शेवटच्या परिच्छेदात, तेही जमले तर. ऑक्टोबर २०१३ च्या अखेरीस गोव्यात पर्रा येथे एका नायजेरियन तरुणाचा खून झाला, त्याच्या देशबांधवांनी महामार्ग अडवला, आणि गोव्याच्या एका मंत्र्याने नायजेरियन लोकांना कर्करोगाची उपमा दिली. त्यावर नायजेरियाच्या राजनैतिक अधिकाऱ्याने, आमच्या देशात राहणारे हजारो भारतीयही रस्त्यावर येऊ शकतात, असा इशारा दिला होता. एका जिल्हास्तरीय बातमीतून परराष्ट्र खात्याला डोकेदुखी झाली. मथळा लावताना आम्ही कोणी एवढा लांबचा विचार करत नव्हतो.

तळटीप

सर्वांचे आभार. एक उपप्रश्न. मालीने मार्च २०२२ मध्ये आरएफआय हा रेडिओ आणि फ्रान्स २४ ही वाहिनी या दोन्ही फ्रेंच माध्यमांचे प्रक्षेपण थांबवले. पुढे बुर्किना फासो आणि नायजर यांनीही तेच केले. वसाहतकाळातल्या सत्ताधीशाचा आवाज बंद करणे, या दृष्टीने तिथल्या अनेकांनी त्याचे स्वागत केले. याला माध्यमांच्या क्षेत्रातले स्वातंत्र्य म्हणावे काय?

नैरोबीवासी

माझ्या मते नाही. फ्रेंच माध्यमांबद्दलची तक्रार खरी आहे. पण ती तक्रार वापरणारे तिन्ही ठिकाणचे सत्ता बळकावलेले लष्करी अधिकारी आपल्याच पत्रकारांनाही बोलू देत नाहीत. एप्रिल २०२४ मध्ये बुर्किना फासोने बीबीसी आणि व्हॉइस ऑफ अमेरिका थांबवले, ते लष्कराने गावकऱ्यांची हत्या केल्याचा मानवाधिकार संघटनेचा अहवाल त्यांनी प्रसारित केला म्हणून. मोकळ्या झालेल्या जागेत रशियाधार्जिणा प्रचार शिरला. ज्यांच्या गावात ती हत्या झाली त्यांचा आवाज कुठेच ऐकू आला नाही.

याउलट दक्षिण आफ्रिका पाहावी. सहारनपूरहून गेलेल्या आणि अध्यक्ष जेकब झुमा यांच्या निकटच्या गुप्ता बंधूंनी तिथे 'द न्यू एज' हे वृत्तपत्र आणि एएनएन७ ही वाहिनी काढली, आणि सरकारी जाहिरातींचा ओघ त्यांच्याकडे वळला. दिमतीला लंडनची 'बेल पॉटिंजर' ही जनसंपर्क कंपनी होती, जिने गुप्तांवरचे लक्ष हटवण्यासाठी 'गोऱ्यांची मक्तेदारी' या घोषणेभोवती वांशिक तेढ वाढवणारी मोहीम चालवली. 'अमाभुंगाने' आणि 'डेली मॅव्हरिक' यांच्या पत्रकारांनी २०१७ मध्ये गुप्तांच्या फुटलेल्या ईमेलचा ढीग उपसून बातम्या दिल्या. त्या वर्षीच्या सप्टेंबरपर्यंत बेल पॉटिंजर बुडाली होती आणि फेब्रुवारी २०१८ मध्ये झुमा यांना पायउतार व्हावे लागले. लंडनच्या कंपनीने आफ्रिकेच्या राजकारणात केलेली ढवळाढवळ आफ्रिकी पत्रकारांनी उघडी पाडली, आणि जागतिक माध्यमांनी नंतर त्यांच्याच बातम्या उचलल्या.

जुना बातमीदार

आणि आपल्याकडे गुप्तांची आठवण निघते ती जून २०१९ मध्ये उत्तराखंडातल्या औली येथे त्यांनी लावलेल्या लग्नांमुळे आणि तिथे साठलेल्या कचऱ्यामुळे. झुमा यांच्या काळातल्या भ्रष्टाचाराची चौकशी करणाऱ्या झोंडो आयोगाचा अहवाल २०२२ मध्ये आला. तो किती मराठी दैनिकांनी पहिल्या पानावर घेतला, हे कोणी जुने अंक चाळून सांगितले तर बरे होईल.