'सुरक्षित' कालबदल म्हणे! कालस्वरमेळवाल्यांना एक प्रश्न

उलटाकाटा:
कालस्वरमेळशास्त्रावरचा तो लेख परवापासून तिघांनी मला पाठवला. तिघांचीही पुस्ती एकच, 'तुझ्या आवडीचा विषय'. आता लिहितोच.

लेखाचं म्हणणं असं: काळ म्हणजे ताणलेली तार. प्रत्येक घटनाक्रमाचा एक आधारस्वर असतो. तारेवर जिथे कंप शून्य, त्या निस्पंदावर भूतकाळाला हात लावला तर बाकीचा काळ हलत नाही. म्हणून बदल 'सुरक्षित'.

लेखकाने जन्मात कधी तार छेडली आहे का? तंबोऱ्याची मोकळी तार छेडा आणि बरोबर मध्यावर बोटाचा हलका स्पर्श करा. मूळ स्वर जागीच विझतो, वरच्या सप्तकातला तेवढा उरतो. तारेत एकाच वेळी अनेक कंप असतात, ते तिचे अंश. मध्यबिंदू हा दुसऱ्या अंशाचा, म्हणजे दोन भागांत कंपणाऱ्या स्वराचा, निस्पंद असला तरी मूळ स्वराचं सगळ्यात मोठं हेलकावणं तिथेच असतं. एकाचा निस्पंद तो दुसऱ्याचा कल्लोळ. सगळ्या अंशांचे निस्पंद एकत्र येतात ते फक्त दोन टोकांना, तार बांधलेली असते तिथे. काळाच्या तारेची टोकं कुठे, ते तुम्हीच सांगा.

कल्पना म्हणून काय वाटेल ते लिहा हो. माझा राग 'सुरक्षित' या शब्दावर आहे.

अनाहत:
पूर्ण लेख न वाचता धागा काढायची हौस दांडगी दिसते. लेखात स्पर्श 'हलका' म्हटलाय, बोट दाबून धरायला कोणी सांगितलं? आणि गणितज्ञ गोडेलने १९४९ मध्येच दाखवलं की आइन्स्टाइनच्या समीकरणांत स्वतःच्या भूतकाळात परत येणारे मार्ग बसतात. अनुनादाची, म्हणजे जुळत्या लयीच्या धक्क्यांनी कंप वाढत जाण्याची, ताकद बघायची तर १९४० साली अमेरिकेत वाऱ्यात हेलकावत पडलेला टॅकोमाचा पूल बघा. एवढा पूल हलतो, तर काळ का हलणार नाही?

उलटाकाटा:
गोडेलचं विश्व फिरतं आणि प्रसरण पावत नाही. आपलं प्रसरण पावतं. शिवाय भूतकाळात जाता येणं वेगळं, तो बदलता येणं वेगळं. भौतिकशास्त्रज्ञ नोविकोव्हच्या मते गेलात तरी जे घडलं तेच घडवून याल. दुसरा भौतिकशास्त्रज्ञ एव्हरेट, त्याची १९५७ ची फाटे फुटणारी विश्वं धरलीत, तर तुम्ही दुसऱ्या फाट्यावर सुखात, इथलं नुकसान इथेच.

पूल साध्या अनुनादाने पडला नाही. वाऱ्यातून ऊर्जा घेत घेत तो स्वतःच पिळवटत गेला, त्याला फडफड म्हणतात. आणि 'सुरक्षित'च्या समर्थनार्थ पडलेला पूल? दंडवत.

अनाहत:
बरं, पुलाचं उदाहरण मागे घेतो. खूश?

रात्रपाळी:
तुमचं चालू द्या. मी लेख तीनदा वाचला, कारण मला एकच गोष्ट बदलायची आहे. भावाचा फोन आला होता, पहाटे पावणेतीनला. मी नाव बघितलं आणि फोन पालथा ठेवला. म्हटलं, सकाळी करू. सकाळ त्याच्यासाठी झालीच नाही. बाकी काळाला धक्का नको, फक्त फोन सुलटा करायचाय. तेवढाही निस्पंद नसेल का तारेवर?

चढागंधार:
रात्रपाळी, वाईट वाटलं. पण यातलं खरं दुखणं स्वर लावणाऱ्यांना फार जुनं आहे. षड्जावरून शुद्ध पंचमाच्या बारा उड्या मारा. सात सप्तकं वर षड्जावरच यायला हवं ना? येत नाही. पंचमाच्या उडीला कंपसंख्या दीडपट होते, सप्तकाला दुप्पट. दीडाचा बारावा घात १२९.७४६, दोनाचा सातवा १२८. साडेतेवीस सेंटांची (सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग) कसर उरतेच. ती नाहीशी होत नाही. एकाच पंचमावर ढकला, तो भेसूर होतो. नाहीतर सगळ्यांत वाटा. कालस्वरमेळवाल्यांनी आधी हे सांगावं की ती कसर कोणाच्या गळ्यात मारणार.

पेटीवाल्यांनी काय केलं बघा. पंचमांत दोन-दोन सेंट वाटले आणि गंधार चौदा सेंट चढा ठेवून मोकळे झाले. आता दोन पिढ्यांचे कान त्यालाच शुद्ध म्हणतात. इतिहास असाच बदलतो, यंत्र लागत नाही.

भाता:
आली का गाडी पेटीवर! धागा काळाचा, राग पेटीचा. तीस वर्षं साथ करतेय मी. ऐन वेळी 'आज अर्धा स्वर खाली' म्हणणाऱ्या गायकाला तुमचा शुद्ध गंधार पुरतो का? पट्टी बदला आणि लावत बसा तारा.

चढागंधार:
सोय आणि सूर यांतलं काय हवं ते ठरवा. तुमचं ठरलेलं दिसतंय.

भाता:
माझ्या कानावर बोलायचं काम नाही. तुम्ही कधी मैफल निभावलीय?

नादब्रह्म४३२:
दोघंही चुकताय. मूळ घोळ सूर लावायच्या ४४० कंपांच्या प्रमाणाचा. ४३२ ला लावा, तोच विश्वाचा आधारस्वर आहे, कसर आपोआप मिटते.

चढागंधार:
पट्टी कुठलीही घ्या, बारा पंचमांचं गुणोत्तर तेच राहतं. आणि ४३२ म्हणजे एका सेकंदात ४३२ कंप. सेकंद माणसाने ठरवला. तो थोडा लांब ठरवला असता तर विश्वाचा आकडा बदलला असता का?

भाता:
यावर मात्र सहमत. जीभ जड झाली लिहिताना.

अनाहत:
काळाबद्दल कोणी बोलणार आहे का? निस्पंदाचा मुद्दा उलटाकाटांचा, मान्य. 'सुरक्षित' ऐवजी 'कमी धोक्याचा' म्हणू. पण हा माणूस फक्त फोन उचलायचा म्हणतोय. त्याने कोणाचं काय बिघडणार?

उलटाकाटा:
हवामानशास्त्रज्ञ लोरेन्झने १९६१ मध्ये हवामानाच्या गणितात ०.५०६१२७ ऐवजी ०.५०६ भरलं. पुढचं सगळं हवामान वेगळं निघालं. रात्रपाळी, तुम्हाला दुखवायचं नाही. पण फोन पालथा का ठेवला होतात, ते आठवतं?

रात्रपाळी:
आठवतं. मुलगी दीड तास रडून खांद्यावर नुकती झोपली होती. बोललो असतो तर जागी झाली असती.

एवढंच. पुढे काय झालं असतं, माहीत नाही.

अनाहत:
...

चढागंधार:
भाता, मैफलीचं विचारलंत म्हणून सांगतो. एकदाच गायलो. साथीला पेटी होती. गंधारावर थांबलो आणि दोघांचे सूर एकमेकांवर आपटत राहिले.

भाता:
मग तुम्ही थोडं वर सरकायचंत. मी कुठे सरकणार होते?