कॅबी लारेतेईवर दीड तासाचं सत्र : काय ऐकवायचं, आणि शोपँचं प्रील्यूड लहान हाताने कसं वाजवायचं?

गोदाकाठ

आमच्या नाशिकच्या श्रवणमंडळाचं ऑगस्टचं सत्र या वेळी पियानोवर आहे. विषय : स्वीडनच्या पियानोवादक कॅबी लारेतेई. दीड तास, साठेक खुर्च्यांचा हॉल, तिकीट नाही. श्रोते ख्याल आणि नाट्यसंगीतात मुरलेले. पियानो म्हटलं की त्यांना हिंदी सिनेमातली पार्टी आठवते.

अडचणी अशा. बाईंबद्दल शोधायला गेलं की जिथे तिथे ‘(सिनेदिग्दर्शक) इंगमार बर्गमनची चौथी बायको’ एवढंच सापडतं. वादनाची कारकीर्द नीट कशी मांडायची? दुसरं, सोळा वर्षांची एक विद्यार्थिनी शोपँचं ए मायनर प्रील्यूड (छोटी पियानो रचना; ओपस २८, क्रमांक २) प्रत्यक्ष वाजवणार आहे. तिचा पंजा एका सप्तकाच्या जेमतेम पुढे जातो. तिसरं, कॉलेज रोडवरच्या एका घरी जुना अपराइट (उभा) पियानो आहे, तो हॉलवर आणावा का? आणि बर्गमनच्या ‘ऑटम सोनाटा’ चित्रपटात हेच प्रील्यूड वाजतं, तो प्रसंग पडद्यावर दाखवला तर चालेल का?

उत्तरवारा

चौथी बायको हे खरं आहे, पण त्यावरून सुरुवात केलीत की पुढचा तासभर लोक बर्गमनच ऐकतील. त्यांना उशिरा आणा.

सुरुवात तार्तूपासून करा. जन्म १४ जुलै १९२२, एस्टोनियातल्या तार्तू गावी. म्हणजे ‘स्वीडिश’ हे पुढे लागलेलं विशेषण आहे, आणि ते का लागलं यातच कहाणी आहे. वडील हाइनरिक लारेतेई एस्टोनियाचे मुत्सद्दी, स्टॉकहोममध्ये राजदूत म्हणून नेमलेले. १९४० साली सोव्हिएत संघाने एस्टोनिया गिळला आणि परदेशातल्या राजदूतांना परत बोलावलं. त्यांनी जायला नकार दिला. देश नकाशावरून गेला, वकिलात गेली, कुटुंब स्वीडनमध्येच राहिलं. मुलगी तेव्हा अठरा वर्षांची. हे पाच मिनिटांत सांगून होतं आणि श्रोते बाईंच्या बाजूने होतात.

गुरू म्हणून एकच नाव घ्या, मारिया-लुइसा श्ट्रुब-मोरेस्को. बाकी यादी कुणाच्या लक्षात राहत नाही. पुढची कारकीर्द मैफली, ध्वनिमुद्रण आणि स्वीडिश टीव्हीवरचे संगीताचे कार्यक्रम अशी तिन्हीकडे पसरलेली आहे. अमेरिकेत कार्नेगी हॉलपर्यंत. मृत्यू ३१ ऑक्टोबर २०१४, स्टॉकहोम.

आता बर्गमन. पहिलं लग्न कंडक्टर गुन्नार स्टर्न यांच्याशी, दुसरं १९५९ मध्ये बर्गमनशी. १९६९ मध्ये घटस्फोट. मुलगा डॅनियल पुढे स्वतः दिग्दर्शक झाला. १९६१चा बर्गमनचा ‘थ्रू अ ग्लास डार्कली’ लारेतेईंनाच अर्पण केलेला आहे. पण तारखा ओळीने मांडल्या की वेगळंच चित्र दिसतं. लग्नात असताना ‘द डेव्हिल्स आय’ (१९६०) मधलं स्कार्लाटी. घटस्फोटानंतर ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’ (१९७२) मधला शोपँचा मझुर्का, ओपस १७ क्रमांक ४. ‘फेस टू फेस’ (१९७६) मध्ये मोत्सार्टची सी मायनर फँटसी, तिथे त्या पियानोवादक म्हणूनच पडद्यावर दिसतात. १९७८ला ‘ऑटम सोनाटा’, १९८२ला ‘फॅनी अँड अलेक्झांडर’, ज्यात छोटी भूमिकाही आहे. म्हणजे ज्या कामासाठी त्या लक्षात राहिल्या त्यातलं बहुतेक बायको नसतानाचं आहे. हा मुद्दा फळ्यावर चार तारखा लिहून दाखवा, भाषण नको.

ऐकवायला मझुर्का घ्या, साडेचार-पाच मिनिटांत आटोपतो. मोत्सार्टची फँटसी अकरा-बारा मिनिटांची आहे, ती मध्यंतराआधी. मध्यंतरानंतर जर्मन संगीतकार हिंडेमिथचं ‘लुडुस टोनालिस’. हे बाईंचं खास राज्य, आणि सिनेमाशी त्याचा काडीचा संबंध नाही, म्हणून ते घ्याच. संपूर्ण रचना पाऊण तासाच्या वर जाते : बारा फ्यूग (एकच धून अनेक आवाजांत गुंफलेली रचना), मध्ये अकरा इंटरल्यूड (जोडतुकडे), दोन टोकांना प्रील्यूडियम आणि पोस्टल्यूडियम. फक्त दोन टोकं ऐकवा. गंमत अशी की प्रील्यूडियमचं नोटेशन उलटं धरून, म्हणजे कागद १८० अंशांत फिरवून वाचलं की पोस्टल्यूडियम मिळतं. बारीक फेरफार सोडले तर स्वर न् स्वर. पहिल्या पानाची मोठी प्रत काढून सगळ्यांसमोर फिरवा. ख्याल ऐकणाऱ्यांना पलट्यांची सवय असतेच.

डावा_हात

प्रील्यूडबद्दल.

२३ बार (चार-चार ठोक्यांचे घर), लेंटो, म्हणजे संथ. डाव्या हाताला सलग आठवे स्वर (अर्ध्या ठोक्याचे), एका वेळी दोन-दोन. सुरुवातीला बाहेरच्या टोकांमध्ये दशमाचं, म्हणजे सप्तकाहून मोठं, अंतर पडतं, पेटीच्या भाषेत खाली पांढरी तीन, वर पुढच्या सप्तकातली पांढरी पाच. लहान पंजा तिथेच अडतो. मधल्या आवाजात एक चार स्वरांची आकृती फिरत राहते : पांढरी सात, काळी पाच, पांढरी सात, पांढरी पाच. सगळी अस्वस्थता त्या काळ्या पाचात आहे.

मुली नेहमी एक चूक करतात : पंजा ताणून धरतात आणि तसाच धरून ठेवतात. वीस-पंचवीस आठव्या स्वरांत मनगट आखडतं, मग आवाज ठोकल्यासारखा येतो. हात ताणायचा नाही, करंगळीकडून अंगठ्याकडे वळवायचा, दाराची मूठ फिरवतात तसा. खालचा स्वर वाजला की करंगळी सोडून द्यायची. बोटाने धरलेला स्वर आणि पेडलने धरलेला स्वर यातला फरक खुर्चीत बसलेल्याला कळत नाही.

पहिल्या दोन बारांत उजवा हात रिकामा आहे. तिथे वरचे स्वर बेलाशक उजव्या हाताला द्या. तिसऱ्या बारात धून येते, पण तीही मधल्याच भागात फिरते. ती लांब स्वरावर थांबलेली असते तेव्हा उजवा अंगठा खालचा एखादा स्वर उचलू शकतो. कुठले स्वर कुठल्या हाताचे हे पेन्सिलने कंस घालून ठरवा आणि नंतर बदलू नका. रोज नवी वाटणी केली की मंचावर दोन्ही हात एकाच स्वरावर जातात किंवा एकही जात नाही.

सराव असा : आठवडाभर फक्त डावा हात, तोही फक्त खालचा स्वर. मग फक्त मधली आकृती. मग दोन्ही, आकृती अगदी हळू आवाजात. धून चौथ्या टप्प्यावर. उलट क्रमाने गेलं की धून सुंदर होते आणि खालचं सगळं शिवणयंत्रासारखं वाजत राहतं.

पेडल हा खरा खड्डा. शोपँने पेडलची खूण शेवटाकडे एकाच ठिकाणी दिली आहे. याचा अर्थ बाकी कोरडं वाजवा असा नाही, पण पूर्ण दाबलात तर काळी पाच आणि पांढरी सात एकात मिसळून चिखल होतो. अर्धं पेडल, दर बारात निदान दोनदा बदल.

लय : पाव स्वराला (एका ठोक्याच्या स्वराला) मिनिटाला ४४ ठोके धरले तर २३ बार साधारण २ मिनिटं ५ सेकंदांत होतात. ५२ धरले तर पावणेदोन मिनिटांत.

एक सुचवतो. तुमच्या श्रोत्यांसाठी आधी तंबोरा लावा, पांढरी सहाचा (म्हणजे ‘ए’चा) षड्ज, ४४०वर. त्यावर तिला पहिले दोन बार वाजवू द्या. सगळे दचकतील, कारण नावाला ए मायनर असून रचना त्या ‘सा’ला धरून सुरूच होत नाही. मग तंबोरा बंद करून पूर्ण प्रील्यूड. सा पाय टेकतो तो अगदी शेवटच्या बारात. राग समजावून सांगण्यापेक्षा हे लवकर पोचतं.

खुंटी_आणि_तार

अपराइट हलवू नका. ऑगस्टात तर नाहीच.

वजन सव्वादोनशे किलोच्या आसपास, चार माणसं आणि चाकाची पाटी लागते. तो खर्च एकवेळ सोडा. नाशिकच्या पावसाळ्यात हवेतला ओलावा पियानोला हव्या असलेल्या ४० ते ६० टक्क्यांच्या बराच वर जातो. साउंडबोर्डचं लाकूड फुगतं, तारांवरचा ताण वाढतो आणि सूर चढतो. मधल्या पट्ट्यात जास्त, टोकांना कमी. म्हणजे पियानो नुसता चढत नाही, स्वतःशीच बेसूर होतो. पट्ट्यांच्या खालच्या खिळ्यांभोवतीचं फेल्ट ओलावा धरतं आणि दाबलेली पट्टी वर यायला उशीर करते. त्यात जागा बदलली की नव्या हवेत रुळायला पंधरा दिवस द्यावे लागतात, मगच ट्यूनिंग टिकतं. आज आणला, उद्या ट्यून केला, परवा कार्यक्रम : पैसे पाण्यात.

८८ पट्ट्यांचा, हॅमरचं वजन असलेला डिजिटल पियानो भाड्याने घ्या. घेताना पेडल बघा. सोबत येणारं छोटं चौकोनी पेडल बहुधा नुसतं चालू-बंद असतं, त्यावर वर सांगितलेलं अर्धं पेडल होणारच नाही. अर्धं पेडल ओळखणारं पेडल मागा आणि पियानो ते ओळखतो का हे दुकानातच वाजवून बघा. पेडल उलटं चालत असेल, म्हणजे पाय काढल्यावर स्वर लांबत असेल, तर पियानो बंद करा, पेडलला पाय न लावता पुन्हा चालू करा. बऱ्याच यंत्रांत तेवढ्याने सुटतं.

साठ माणसांना पियानोचे स्वतःचे स्पीकर पुरत नाहीत. लाइन आउटमधून दोन वायरी मिक्सरला, मध्ये डीआय बॉक्स (वायरींमधली घरघर तोडणारी पेटी), नाहीतर एकाच बोर्डावर प्रोजेक्टर आणि पियानो आले की घूंऽऽ सुरू होतं. या रचनेत डाव्या हाताचे स्वर १०० हर्ट्झच्याही खाली उतरतात. भाषणासाठी लावलेल्या छोट्या खांबी स्पीकरात ते गायब होतात आणि उरते नुसती धून. निदान दहा इंची स्पीकर हवेत. मिक्सरवरचा एको पूर्ण बंद. हॉलवाला तो हौसेने लावतो.

गोदाकाठ

तिघांचेही आभार. तंबोऱ्याची कल्पना पक्की. सिनेमाच्या तुकड्याचं राहिलं.

कलम५२

मोफत कार्यक्रम असला तरी सिनेमाला वेगळा नियम आहे. भारतात चित्रपटावरचा हक्क प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं. १९७८चा चित्रपट म्हणजे २०३८ अखेरपर्यंत. सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं तो भाग निराळाच. हक्कधारकाची लेखी परवानगी नसेल तर नको.

नुसतं ध्वनिमुद्रण ऐकवण्याचं सोपं आहे. नफ्यासाठी न चालणाऱ्या मंडळाने आपल्या उपक्रमाचा भाग म्हणून ते ऐकवलं तर कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये सूट आहे. मंडळ नोंदणीकृत असेल तर कागद जवळ ठेवा. शोपँचा प्रश्नच नाही. हिंडेमिथ १९६३ला गेले, म्हणजे २०२३ अखेर त्यांची रचना भारतात मोकळी झाली. ते उलटं धरायचं पान बिनधास्त छापा.

उत्तरवारा

तुकडा दाखवायची गरजच नाही. प्रसंग शब्दांत सांगा : बऱ्याच वर्षांनी भेटलेली आई प्रसिद्ध पियानोवादक, मुलगी पाद्र्याची बायको. मुलगी हे प्रील्यूड वाजवते, कॅमेरा आईच्या चेहऱ्यावर. मग आई पियानोवर बसते आणि तेच वाजवते, मुलगी पट्ट्यांकडे न बघता आईकडे बघत राहते. पडद्यावर इंग्रिड बर्गमन आणि लिव्ह उलमन, वाजवलंय दोन्ही वेळा लारेतेई यांनी.

बाईंचं खरं कसब पहिल्या वेळच्या वाजवण्यात आहे. चुकीचे स्वर वाजवून नवशिकी उभी करणं कुणालाही जमेल. इथे स्वर सगळे बरोबर आहेत, फक्त वाजवणारीला पुढे काय येणार याची भीती आहे. म्हणून त्या विद्यार्थिनीलाही प्रील्यूड दोनदा वाजवायला लावा. आधी ४४च्या लयीत, प्रत्येक वाक्याच्या शेवटी जरा जास्त हळवं होत. मग ५२ला, धून कोरडी, डावा हात न थांबता. दोन्ही मिळून चार मिनिटं. मध्ये टाळ्या नकोत, हे आधीच सांगून ठेवा.

डावा_हात

यात एकच बदल. ५२वालं आधी बसवा, ४४ नंतर. हळव्या लयीची सवय आधी लागली तर दुसऱ्यांदा डावा हात तिच्याच मागे रेंगाळतो. आणि दोन वादनांच्या मध्ये तिने हात मांडीवर ठेवून दहा आकडे मोजावेत.

गोदाकाठ

तिला कळवलं. तिचा एकच प्रश्न आला : शेवटचा कॉर्ड एकदम दाबायचा की खालून वर उलगडायचा?

डावा_हात

उलगडायचा, नोटेशनमध्ये तशी नागमोडी रेघ आहे. आणि पंजा लहान असेल तर एकदम दाबायच्या फंदात पडूही नये. सर्वांत खालचा स्वर पेडलमध्ये पकडायचा, नाहीतर वर पोचेपर्यंत षड्जच हरवलेला असतो.