क्यूबाचे डॉक्टर : मदत की निर्यात?

नीलमोहर
परवा मुलीला डॉ. कोटणीसांची गोष्ट सांगत होते. १९३८ साली सोलापूरचे कोटणीस, नागपूरचे डॉ. चोळकर आणि आणखी तिघे जखमी सैनिकांसाठी चीनला गेले. मुलीने विचारलं, "तेव्हा आपल्याकडे डॉक्टर जास्त होते का?" नव्हते. आणि मला क्यूबा आठवला.

१९५९ला क्रांती झाली तेव्हा तिथे सुमारे ६,००० डॉक्टर होते. त्यातले जवळपास निम्मे पुढच्या काही वर्षांत देश सोडून गेले. तरी १९६३ मध्ये क्यूबाने अल्जीरियाला पथक पाठवलं, कारण तिथले फ्रेंच डॉक्टर निघून गेले होते. २००५च्या भूकंपानंतर पाकिस्तानात सुमारे २,४०० क्यूबन डॉक्टर-नर्स तंबूतली रुग्णालयं चालवत कडाक्याच्या थंडीत राहिले. त्यात बायका पुष्कळ होत्या, म्हणून तिथल्या बायकांना तपासून घेता आलं. २०१४ मध्ये इबोलासाठी १६५ जण सिएरा लिओनला गेले. त्यातल्या एका डॉक्टरला इबोला झाला, जिनिव्हात तो बरा झाला आणि पुन्हा सिएरा लिओनलाच कामाला गेला.

देशातही १९८४ पासून डॉक्टर आणि नर्स वस्तीतच राहतात, बहुधा खाली दवाखाना आणि वर घर. धडधाकट माणसाचीही नोंद त्यांच्याकडे असते. आईकडून बाळाला होणारा एचआयव्ही आणि सिफिलिसचा संसर्ग थांबवल्याची जागतिक आरोग्य संघटनेची मान्यता २०१५ मध्ये सगळ्यांत आधी क्यूबाला मिळाली. लोकसंख्या साधारण आपल्या पुणे जिल्ह्याएवढी! श्रीमंत देशांना हे का जमत नाही?

पैलतीर
कोटणीसांचं नाव इथे नको. ते स्वतःच्या इच्छेने गेले होते, त्यांच्या कष्टाचे पैसे कुठलं सरकार घेत नव्हतं.

ब्राझीलने २०१३ मध्ये क्यूबन डॉक्टर बोलावले तेव्हा दिलेल्या रकमेतला साधारण पाव हिस्सा डॉक्टरच्या हाती पडायचा. बाकीचा बहुतेक हवानाला, म्हणजे क्यूबाच्या सरकारला. बायकामुलांना सोबत ठेवण्यावर बंधनं. काम सोडून तिथेच राहिलात तर आठ वर्षं मायदेशी पाऊल ठेवायचं नाही. म्हणजे आई वारली तरी नाही. संयुक्त राष्ट्रांच्या तज्ज्ञांनीही २०१९ मध्ये यावर प्रश्न विचारले. व्हेनेझुएलाला डॉक्टर गेले, बदल्यात तेल आलं. हा व्यवहार आहे, त्याला व्यवहारच म्हणा.

नीलमोहर
व्यवहार आहे हे मान्य. पण २०१८च्या अखेरीस ब्राझीलचे नवनिर्वाचित अध्यक्ष बोल्सोनारो यांच्या अटींवरून क्यूबाने ते हजारो डॉक्टर परत बोलावले, तेव्हा ॲमेझॉनमधल्या आदिवासी वस्त्या उघड्या पडल्या. ब्राझीलचे स्वतःचे डॉक्टर तिथे आधीही जायला तयार नव्हते. तापाने फणफणलेलं लेकरू मांडीवर घेऊन बसलेल्या बाईला पगाराचा हिशेब सांगायचा का?

पैलतीर
त्या बाईचं दुःख खरं आहे. पण ते भागवण्यासाठी दुसऱ्या कुणाला बांधून घालायचं, हे मला पटत नाही.

हळदीकुंकू
दोघंही बाहेरच्याच देशांबद्दल बोलताय. खुद्द क्यूबातल्या रुग्णाचं काय? २०१८ला हजारी चार असलेला बालमृत्युदर २०२२ला सातच्या वर गेला. औषधं नाहीत, वीज तासन्‌तास नाही, सिरिंज घरच्यांनी शोधून आणायची. वस्तीत डॉक्टर आहे, पण त्याच्या हातात काही नाही, आणि कित्येक वस्त्यांत आता डॉक्टरही नाही. १९६२ पासूनची अमेरिकी नाकेबंदी याला मोठं कारण आहे, हे मी नाकारत नाही. पण डॉक्टर पाठवून मिळालेलं परकीय चलन दवाखान्यांत किती आणि पर्यटकांच्या हॉटेलांत किती गेलं, हे तिथल्या माणसाला आपल्या सरकारला विचारता आलं पाहिजे. ते येत नाही.

नीलमोहर
याला माझ्याकडे उत्तर नाही. चारचा सात होणं म्हणजे किती घरं, याचाच विचार करते आहे. तरीही हवानातलं ते महाविद्यालय मनातून जात नाही. १९९८च्या चक्रीवादळांनंतर नौदलाच्या जुन्या अकादमीत उभं राहिलं, आणि गरीब देशांतली हजारो मुलं तिथे फुकट डॉक्टर झाली. ते चुकीचं कसं म्हणू?

बाँडवाला
एमबीबीएसनंतर मी प्राथमिक आरोग्य केंद्रात बाँडचं, म्हणजे सक्तीच्या सरकारी सेवेचं, वर्ष काढलं. रात्री दोनला बाळंतपण, पावसात नाला ओलांडून लसीकरण. सक्तीच होती, आणि ती योग्य होती असं आजही मानतो, कारण माझं शिक्षण लोकांच्या पैशांवर झालं होतं. म्हणून क्यूबन सरकारने डॉक्टरला "जा" म्हणणं मला गैर वाटत नाही.

पण माझा पगार, उशिरा का होईना, पूर्ण माझ्या खात्यात यायचा. बाँड मोडला असता तर दंड भरावा लागला असता, आईला भेटायला जायची बंदी झाली नसती. एवढ्या दोन गोष्टी त्या डॉक्टरला मिळू द्या, मग मी नीलमोहरताईंच्या बाजूने.

पैलतीर
तसं झालं तर मीही.