ऑफिसचा प्रिंटर (सोसायटी ग्रुप)

देशमुख काकू, ए-२०२: ऑफिसचा प्रिंटर पुन्हा बंद काय? मी पावती मागायला गेली तर वॉचमन म्हणते कॉम्प्युटर बदलला, आता छापत नाही. मला पावती लागते, उद्याच.

सेक्रेटरी: काकू, प्रिंटर ठणठणीत आहे. जुना विंडोज ७ चा पीसी काढला. नव्यात ६४ बिट विंडोज आहे, सीडीतला ड्रायव्हर, म्हणजे पीसीला प्रिंटर चालवायला लागणारं सॉफ्टवेअर, ३२ बिटचा. तो घेत नाही.

बोरकर काका, सी-१०१: मी लिंक टाकून राहिलो. एकच सॉफ्टवेअर, सगळे ड्रायव्हर आपोआप शोधते. फुकट आहे.

मंदार, बी-३०४: ती फाइल कोणीच उघडू नका, प्लीज! काका, लिंक डिलीट करा.

खोब्रागडे काका, बी-१०२: नवीन प्रिंटर घ्या.

खजिनदार: पैसे कुठून? लिफ्टची वर्गणी अजून सहा जणांची यायची आहे. नावं घेत नाही.

बोरकर काका: नावं घ्याच ना मग. गेल्या वेळेसही असंच टोमणे मारले होते.

देशमुख काकू: भांडण नंतर करा. पावती?

बोरकर काका: माझ्या लॅपटॉपवर तर मस्त चाललं बा.

मंदार: काका, बरेच ड्रायव्हर विंडोजच्या अगदी गाभ्यात चालतात. तिथे खराब काही शिरलं तर अँटिव्हायरसही आंधळा होऊ शकतो. याच पीसीवर सोसायटीचं नेटबँकिंग आहे, भाडेकरूंचे आधार स्कॅन आहेत. वर इन्स्टॉल करताना नुसतं हो म्हणत गेलं की दोन-तीन भलतीच सॉफ्टवेअरं सोबत येतात.

खोब्रागडे काका: नवीन प्रिंटर घ्या. बर्डीवर मिळून जाईल.

सेक्रेटरी: मंदार, मग करायचं काय ते सांग. मी ऑफिसातच आहे.

मंदार: इंटरनेटवर नुसतं "ड्रायव्हर" शोधू नका, वर जाहिरातीच येतात. कॅननच्या भारताच्या साइटवर जा, सपोर्टमध्ये आपल्या प्रिंटरचं मॉडेल एलबीपी २९०० टाका, ६४ बिट निवडा. फाइल उतरली की उघडायच्या आधी राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिजिटल सिग्नेचर. सहीत कंपनीचंच नाव दिसलं पाहिजे. नाही दिसलं तर थांबा. ड्रायव्हर बसवायच्या आधी विंडोजमध्ये रिस्टोअर पॉइंट करून ठेवा, बिघडलं तर मागे येता येतं.

सेक्रेटरी: आणि स्कॅनर? त्याचं स्टिकरच निघालं, मॉडेल कसं कळणार?

मंदार: विंडोजच्या डिव्हाइस मॅनेजरमध्ये पिवळं चिन्ह असलेलं उपकरण उघडा. डिटेल्समध्ये हार्डवेअर आयडी. व्हीआयडी म्हणजे कंपनी, पीआयडी म्हणजे मॉडेल. ०४ए९ असेल तर कॅनन, ०३एफ० असेल तर एचपी. तो आयडी तसाच मायक्रोसॉफ्ट अपडेट कॅटलॉग या त्यांच्या साइटवर शोधायचा. तिथेही नसेल आणि कंपनीकडेही नसेल, तर स्कॅनर सोडून द्या. मोबाइलवर स्कॅन होतं, त्यासाठी अनोळखी फाइल कशाला?

खोब्रागडे काका: मीही तेच म्हणून राहिलो. नवीन घ्या.

खजिनदार: काका, प्रिंटर चालू आहे!!

सेक्रेटरी: स्कॅनर ०४ए९ निघाला. प्रिंटरचा ड्रायव्हर बसला, सही बरोबर होती. टेस्ट पेज आलं. काकू, पावती घेऊन जा.

देशमुख काकू: आली.

बोरकर काका: काम झालं ना. मग सगळ्यांसमोर मला बोलायचं काय कारण होतं?

मंदार: काका, राग मानू नका. तुमच्या लॅपटॉपवर ते सॉफ्टवेअर अजून आहे. तोवर त्यावरून बँकेचं काही करू नका. मी येतो, काढून देतो.

बोरकर काका: आठनंतर ये. लिंक डिलीट केली.