हिब्रू कवितेत छंद नेमका कोठे असतो?

पोथीवाचक (प्रश्न)

मराठी बायबलमधील स्तोत्रसंहिता, विलापगीत आणि गीतरत्न हे तिन्ही ग्रंथ मी गेल्या वर्षभरात सावकाश वाचले. ओवी, अभंग आणि अक्षरगणवृत्ते कानात बसलेली असल्यामुळे मला सतत एकच अडचण येते. ह्या रचना कविता आहेत असे सर्व अभ्यासक सांगतात, मात्र मराठीत त्या गद्यासारख्याच वाचाव्या लागतात. मूळ हिब्रूत वृत्त होते आणि ते भाषांतरात हरवले, की ते मुळातच नव्हते? शिवाय ह्या स्तोत्रांपासून विसाव्या शतकातील हिब्रू कवी बियालिक आणि अमिखाय ह्यांच्यापर्यंत एकच काव्यपरंपरा मानली जाते, ती कशाच्या आधारावर?

जुनाअभ्यासक

मात्रा किंवा अक्षरे मोजून सिद्ध होणारे आपल्यासारखे वृत्त प्राचीन हिब्रू कवितेत नाही. तिचा ताल मुख्यतः अर्थाचा आहे. ओळीचे दोन, क्वचित तीन तुकडे पडतात आणि दुसरा तुकडा पहिल्याला साद देतो. ऑक्सफर्डमधील आपल्या व्याख्यानांत रॉबर्ट लाउथ ह्यांनी ह्या रचनेला ‘समांतरता’ हे नाव दिले, आणि ती व्याख्याने 1753 मध्ये ग्रंथरूपाने आल्यापासून हा अभ्यास त्याच शब्दाभोवती फिरत राहिला आहे.

मात्र दुसरा तुकडा म्हणजे पहिल्याची पुनरुक्ती, असे समजून वाचल्यास ही कविता कंटाळवाणी वाटू लागते, आणि तो दोष वाचनाचा आहे. शास्ते ह्या ग्रंथाच्या पाचव्या अध्यायातील दबोराचे गीत पाहावे. शत्रूचा सेनापती सीसरा पाणी मागतो, याएल त्याला दूध देते, आणि लगेच पुढच्या तुकड्यात ती श्रीमंती वाडग्यात दही आणते. पाणी, दूध, दही अशी वस्तू चढत जाते, आदरातिथ्य वाढत जाते, आणि त्यानंतरच्या कडव्यात तिचा हात तंबूच्या मेखेकडे जातो. ही चढण मराठीतही टिकते, कारण ती नादावर उभी नाही.

विलापगीताचे मात्र भाषांतरात खरोखर नुकसान झाले आहे. त्याच्या पहिल्या चार अध्यायांतील कडवी हिब्रू वर्णमालेच्या 22 अक्षरांच्या क्रमाने सुरू होतात. तिसऱ्या अध्यायात प्रत्येक अक्षराला तीन ओळी मिळून 66 ओळी होतात. पाचव्या अध्यायात ओळी पुन्हा 22 आहेत, पण अक्षरक्रम नाही. उद्ध्वस्त यरुशलेमसाठी रडणाऱ्या कवीने शेवटी वर्णमालेचा आधारही सोडला, असे मला ते वाचताना दरवेळी वाटते. हा माझा अर्थ आहे, सर्वमान्य मत नव्हे.

पंडिता रमाबाईंनी बायबलच्या मराठी भाषांतरासाठी हिब्रू आणि ग्रीक ह्या दोन्ही भाषा आत्मसात केल्या होत्या, हेही येथे आवर्जून नोंदवतो.

लगक्रम

वर जे सांगितले ते बायबलपुरते खरे आहे. पुढे हिब्रू कवितेत वृत्त आले, आणि ते असे आले की मराठी वाचकाला ते चटकन ओळखता यावे.

दहाव्या शतकात फेस शहरात जन्मलेला आणि बगदादला ज्यू पंडित सादिया गाओन ह्यांच्याजवळ शिकलेला कवी दुनाश बेन लाब्रात स्पेनमधील कॉर्डोव्हाला आला आणि त्याने अरबी वृत्ते हिब्रूत उतरवली. अडचण अशी होती की अरबीत ऱ्हस्व-दीर्घ स्वरांचा जसा भेद आहे, तसा हिब्रूच्या तत्कालीन उच्चारात उरला नव्हता. दुनाशने अर्धस्वर, म्हणजे ‘श्वा’ आणि त्याच्या जातीचे निसटते स्वर, लघु मानले आणि पूर्ण स्वर गुरू मानले. लघु-गुरूच्या जोडीला ‘यातेद’ म्हणजे खुंटी, आणि सुट्या गुरूला ‘तेनुआ’ अशी नावे पडली.

सिनेगॉगमधील ‘अदोन ओलाम’ हे स्तोत्र घ्यावे. अ-दोन-ओ-लाम, अ-शेर-मा-लाख, ब-ते-रेम-कोल, य-त्सीर-निव्-रा. लगागागा चार वेळा! माधव जूलियनांमुळे मराठी गझलेला परिचित झालेली वियद्गंगा ह्या वृत्ताची चाल ती हीच, आणि दोघींचे मूळही एकच, म्हणजे अरबी-फारसी छंदातील ‘हजज’. परंपरेने हे स्तोत्र कवी सॉलोमन इब्न गबिरोलच्या नावावर सांगतात, पण त्याला पक्का पुरावा नाही.

दुनाशला त्याच काळात कडवा विरोध झाला, कारण ह्या वृत्तांसाठी हिब्रूचे व्याकरण वाकवावे लागते, असा आक्षेप होता. पुढे ह्याच वृत्तांत अप्रतिम कविता लिहिणाऱ्या येहुदा हालेवीनेही आपल्या ‘कुझारी’ ह्या ग्रंथात त्यांच्याविषयी खेद व्यक्त केला आहे.

कोकणकाठ

आम्ही बेने इस्रायल. शब्बाथच्या प्रार्थनेत ‘अदोन ओलाम’ लहानपणापासून म्हणत आलो, पण त्यात लघु-गुरू मोजता येतात हे आज प्रथमच कळले. आत्ता बोटांवर मोजून पाहिले आणि ते तंतोतंत जुळले. मनापासून आभार.

जुनाअभ्यासक

पोथीवाचक, आता आपल्या दुसऱ्या, एकाच काव्यपरंपरेच्या प्रश्नाविषयी. छंदाच्या आधारावर एकच परंपरा सिद्ध होत नाही, कारण छंद वारंवार बदलला. बियालिकची ‘एल हात्सिपोर’ ही पक्ष्याला उद्देशून लिहिलेली कविता 1892 मध्ये प्रसिद्ध झाली. तिचा ताल पूर्व युरोपातील उच्चारावर बेतलेला आहे, त्यात आघात बहुधा शब्दाच्या उपांत्य अक्षरावर येतो. ‘माझ्या खिडकीशी’ ह्या अर्थाच्या शब्दाचा उच्चार बियालिक ख-लो-नी असा मधल्या अक्षरावर जोर देऊन करी. आजच्या इस्रायलमध्ये तो जोर शेवटच्या ‘नी’वर पडतो आणि ओळीची लय मोडते. तेथील शाळकरी मुले आपल्या ह्या थोर कवीला त्याच्या लयीविना वाचतात, ह्याची मला खंत वाटते. राहेलसारख्या कवयित्रीने बोलण्यातला नवा आघात स्वीकारला, आणि 1959 मध्ये कवी नातान झाख ह्यांनी आधीच्या पिढीतील कवी आल्टरमनच्या ठाशीव, नियमबद्ध लयीवरच हल्ला चढवला.

टिकले ते शब्द. अंदालुसियाचे, म्हणजे दुनाशच्या परंपरेतले मुस्लिम सत्तेखालील स्पेनचे, हिब्रू कवी वृत्त अरबी घेत, पण शब्द शक्यतो बायबलमधलेच वापरत आणि अख्खी वचने ओळीत विणत, कारण वाचकाला ती पाठ असत. अमिखाय मुक्तछंदात, साध्या बोलीत लिहितात, तरी त्यांनाही असाच वाचक लागतो. अंत्यविधीच्या वेळी म्हटली जाणारी ‘एल माले राहामीम’, म्हणजे ‘दयेने भरलेल्या देवा’, ही प्रार्थना त्यांच्या एका कवितेच्या आरंभी येते. लगेच पुढे ते म्हणतात की देव दयेने इतका भरलेला नसता, तर जगातही थोडी दया उरली असती. प्रार्थनेचे शब्द ज्याने कबरीपाशी उभे राहून ऐकले आहेत, त्यालाच ह्या ओळीचा घाव पूर्णपणे जाणवतो.