अनुभव धागा: पबजी-बीजीएमआयमध्ये तुमचा मोड कोणता?

पोचिंकीकर (धागाकर्ता)

पबजी म्हणजे बंदुकांच्या लढाईचा खेळ, आणि बीजीएमआय ही त्याची भारतातली मोबाइल आवृत्ती. परवा भाच्याने विचारलं, "मामा, तू कुठला मोड खेळतोस?" मी म्हटलं, क्लासिक (शेवटपर्यंत टिकेल तो जिंकतो), एरँगल, स्क्वॉड (चौघांची टीम). पोरगं फिदीफिदी हसलं. त्याच्या लेखी क्लासिक म्हणजे एक्स्प्रेस-वे असताना जुन्या घाटाने पुण्याला जाणं. म्हणे, "माझ्या दोन टीडीएम (टीम डेथमॅच) होतात तोवर तुझं अजून हेल्मेट शोधणंच चालू असतं."

खोटं नाही ते. एरँगल म्हणजे आठ बाय आठ किलोमीटरचं बेट, शंभर माणसं, अर्धा तास. त्यातला बराच वेळ घराघरांत शिरून बंदुका, गोळ्या, मलमपट्ट्या गोळा करण्यात जातो. टीडीएममध्ये गोदाम, चार विरुद्ध चार, बंदूक आयती हातात. मेलात की काही सेकंदांत परत उभे. चाळीस बळी आधी कोण पुरे करतो एवढाच हिशोब, दहा मिनिटांच्या आत निकाल.

पण ब्रेंडन ग्रीन या आयरिश माणसाने २०१७ साली जो खेळ आणला तो एका जिवाचा होता. (बेटाचं नाव त्याने एरिन नावाच्या आपल्या मुलीवरून ठेवलं. मी तिथे दिवसातून तीनदा मरत असे तेव्हा हे माहीत नव्हतं.) गेलात की गेलात. शेवटचे दहा उरलेत, झोन (खेळायचं वर्तुळ) आवळत आलाय, आपण गवतात पालथे पडलोय आणि जवळपास कुठेतरी पावलं वाजतायत, ही धडधड गोदामात कुठून येणार?

मार्च २०१८ मध्ये मोबाइलवर आल्यापासून किती मोड आले आणि गेले. कोण काय खेळलं, का, कुणाबरोबर, ते लिहा. रँक आणि केडी (मारल्या-मेल्याचं प्रमाण) लिहू नका, त्यात दुसऱ्या कुणालाच रस नसतो.

तवेवाली_नाशिक

आम्ही ड्युओवाले. मी आणि नवरा.

सुरुवात स्क्वॉडनेच केली होती. अनोळखी दोघं टीममध्ये यायची. माइकवर बाईचा आवाज आला की एक जण कुठून बोलतेस विचारायचा आणि दुसरा माझ्या हातातली बंदूक मागायचा, जणू ती त्याच्यासाठीच उचलून ठेवलीय. मी माइक बंद ठेवायला लागले. मग बंद माइकवरूनही बोलणी खाल्ली. शेवटी नवरा म्हणाला, "चल, आपण दोघंच जाऊ." तेव्हापासून ड्युओ.

भांडण एकच, टीपीपी (आपला माणूस मागून दिसतो) की एफपीपी (थेट त्याच्या डोळ्यांतून दिसतं). त्याला एफपीपी हवं. त्याचं म्हणणं, टीपीपीमध्ये माणूस भिंतीआड लपून स्वतः न दिसता पलीकडचं सगळं बघतो, ही चिटिंग आहे. मला एफपीपीत पंधरा मिनिटांत गरगरायला लागतं, घाटातल्या एसटीत मागच्या सीटवर बसल्यासारखं. मग आठवड्याचे वार वाटून घेतलेत.

नाव तवेवाली का, तर मी खेळात मिळणारा पॅन, म्हणजे तवा, कधीच टाकत नाही. पाठीला लावला की मागून आलेली गोळी टण्णकन आपटते आणि जीव वाचतो. एकदा पोचिंकीत (एरँगलवरचं गाव) बंदूक मिळायच्या आधीच एकाला पॅननेच झोपवलं. नवऱ्याने त्याचा स्क्रीनशॉट सासूबाईंना दाखवला. त्या दिवसापासून घरात मला जरा जपूनच बोलतात.

दोन_जीबी_रॅम

मोड आम्ही निवडला नाही, फोनने निवडला.

हॉस्टेलवर सगळे एरँगल खेळायचे तेव्हा माझा फोन खेळातल्या विमानातच गरम व्हायचा. उडी मारली की घरं दिसायचीच नाहीत. खाली नुसती मातीच्या रंगाची खळ बसलेली. त्या खळीतून चालत जायचो तोवर घरं उगवायची आणि आत कुणीतरी आधीच बसलेला असायचा. पोरं म्हणायची, "हा आला की आपण तिघंच आहोत असं समजायचं."

मग २०१९ मध्ये लाइट आलं, हलक्या फोनसाठीचं. छोटा नकाशा, शंभरऐवजी साठ माणसं. तिथे मी राजा होतो. पण एकटा राजा, कारण चांगल्या फोनवाले मित्र लाइटमध्ये येईनात. रात्री एकाच खोलीत ते चौघे एकमेकांना "नॉक झालो, उठव" म्हणून ओरडतायत आणि मी भिंतीकडे तोंड करून दुसऱ्याच बेटावर.

आता नोकरी आहे, आठ जीबीचा फोन आहे. त्या चौघांपैकी कुणीच खेळत नाही.

पोचिंकीकर

@दोन_जीबी_रॅम, आयडी टाका. रात्री साडेनऊनंतर असतो.

लवंगी_फटाका

२०१९ ची दिवाळी. ऑक्टोबरमध्ये पेलोड मोड आला आणि आम्ही सगळी चुलत-आत्ते भावंडं सुट्टीत गावाला, मालवणजवळ. घरात रेंज शून्य. मागच्या चिऱ्याच्या पायरीवर डाव्या टोकाला दोन कांड्या यायच्या, म्हणून चौघं जण एका पायरीवर चिकटून बसायचो. आजी फराळाचं ताट तिथेच आणून द्यायची.

पेलोड म्हणजे क्लासिकच, पण त्यात हेलिकॉप्टर उडवता यायचं आणि रॉकेट लाँचर मिळायचा. आणि मुख्य म्हणजे मेलेल्याला परत आणता यायचं: त्याचं कार्ड उचलायचं, टॉवरपाशी न्यायचं, की तो आकाशातून पुन्हा खाली. माझा धाकटा भाऊ पहिल्या दोन मिनिटांत मरायचाच, मग पूर्ण मॅचभर "माझं कार्ड, माझं कार्ड" करून रडायचा. एकदा दादाने नेमकं त्याचं कार्ड सोडून बाकी सगळं लुटलं. त्याने उठून खराखुरा सुतळी बॉम्ब पायरीखाली लावला. आजोबांनी दोघांनाही बदडलं.

नंतर बऱ्याच मोडमध्ये माणूस परत आणायची सोय आली म्हणतात. मी पाहिली नाहीये. हेलिकॉप्टरचा आवाज मात्र अजून कानात आहे.

एकच_बेट

दर अपडेटला नवी जत्रा. कधी पुतळे, कधी उडते महाल, २०२३ ला तर ड्रॅगन बॉलची मंडळी हातातून उजेड फेकत फिरत होती. गुपचूप मिलिटरी बेसला उतरावं, एक एम४१६ बंदूक मिळावी, एवढीच अपेक्षा असलेल्या माणसाने कुठे जायचं?

टीडीएम_सम्राट

काका, गोदामात या.

अडत्या_लातूर

मेट्रो रॉयलचं नाव कुणीच काढलं नाही, म्हणून लिहितो.

आमची अडत आहे, सोयाबीन आणि तूर. दिवसभर भाव चढ-उताराचं टेन्शन असतं, रात्री माणूस ते विसरायला खेळतो. आणि मी जो मोड निवडला त्यात पुन्हा तेच! क्लासिकला सगळे रिकाम्या हाताने उतरतात, मॅच संपली की मिळालेलं तिथंच राहतं. मेट्रोला तसं नाही. बंदूक, जॅकेट, गोळ्या आपल्या खिशातून घ्यायच्या, आत शिरायचं, माल गोळा करायचा आणि बाहेर पडायच्या ठिकाणी जिवंत पोहोचायचं. पोहोचलात तर सगळं तुमचं, ते विकून पुढची तयारी करा. मेलात तर नेलेलंही गेलं आणि गोळा केलेलंही गेलं. फक्त सुरक्षित कप्प्यात जे बसेल तेवढं वाचतं.

पहिल्या आठवड्यात मी भारीतलं भारी जॅकेट घालून जायचो आणि कुणीतरी फाटका माणूस कोपऱ्यातून ठोकून ते घेऊन जायचा. मग अक्कल आली. आमचे वडील म्हणायचे, बाजार पडलेला असताना बैलगाडी भरून नेऊ नये, एक पोतं न्यावं. तसंच करतो आता. स्वस्तातली बंदूक, हलकं जॅकेट, तीन-चार महागडे नग उचलायचे आणि थेट बाहेरचा रस्ता. पाठीवरच्या बॅगेत अजून जागा आहे म्हणून आणखी एक खोली बघायला थांबलो, त्या प्रत्येक वेळी मेलोय. प्रत्येक वेळी.

मुलगा म्हणतो, "बाबा, तुम्ही एकाला पण मारत नाही, मग खेळता कशाला?" मी आकडा दाखवतो, काल एवढा होता, आज एवढा.

लिविकची_आई

मला लेकाने शिकवलं, लॉकडाऊनमध्ये. माझं वय विचारू नका.

मी फक्त लिविक हा छोटा नकाशा खेळते. दोन बाय दोन किलोमीटर, बावन्न माणसं, पंधरा मिनिटांच्या आसपास आटोपतं. कुकरच्या शिट्ट्या होऊन वाफ जिरेपर्यंत एक डाव बरोबर बसतो. एरँगलला एकदा गेले होते, वरण लागलं. लिविकला धबधबा पण आहे, मला तिथे जरा थांबायला आवडतं. लेक ओरडतो, "आई, उघड्यावर उभी राहू नकोस!" अरे, पण पाणी किती छान दाखवलंय.

माझी पद्धत म्हणजे घरात शिरायचं, दार लावून घ्यायचं आणि न्हाणीघरात बसून राहायचं. लेक याला कॅम्पिंग म्हणतो आणि त्याला लाज वाटते. पण मी अशीच बसून पहिल्या पाचात येते आणि तो गाडी घेऊन हिंडतो नि विसाव्या नंबरावर येतो. आता बीजीएमआयमध्ये रक्त हिरवं दिसतं आणि मेला म्हणायच्या ऐवजी फिनिश म्हणतात, त्यामुळे मनाला फार लागत नाही.

पहिलं चिकन डिनर (डाव जिंकल्यावर असं म्हणतात) नेमकं संकष्टीला मिळालं. सासूबाईंना सांगायची सोय नव्हती. लेक म्हणाला की बरेचसे बॉट होते, मशीनची माणसं. असू देत.

तवेवाली_नाशिक

काकू, न्हाणीघरात बसलेली ती बाई तुम्हीच होता का?

मंडळाचा_खजिनदार

आमचा मोड रूम. म्हणजे आपली स्वतंत्र खोली उघडायची, आयडी-पासवर्ड वाटायचा आणि बोलावलेल्यांनीच खेळायचं.

२०२२ च्या गणपतीत स्पर्धा ठरवली होती. सोळा टीम, चौसष्ट पोरं, तीन मॅच, नंबराचे गुण आणि किलचे गुण वेगवेगळे, मोठ्या स्पर्धांत असतात तसेच. पहिलं बक्षीस पाच हजार एक आणि श्रीफळ. बॅनर लागला. आणि २८ जुलैला गेम स्टोअरवरून गायब! ज्यांच्या फोनमध्ये आधीपासून होता त्यांचा चालत होता, बाकीच्यांना घेता येईना. एका पोराने तर घाईत नेमका आदल्या रात्री फोन फॉरमॅट केलेला. अध्यक्ष म्हणाले, बुद्धिबळ ठेवा. नऊ नावं आली, त्यात दोन अध्यक्षांची नातवंडं.

२०२३ च्या मेमध्ये गेम परत आला, त्या गणपतीत घेतली. तेव्हा अठराखालच्यांना दिवसाला तीन तासांचीच मुभा होती, तर फायनलच्या आधी एका टीमचा मुख्य भिडू सरावातच वेळ संपवून बसला. तिघांनी खेळून दुसरे आले. आणि मधल्या मॅचला लाइट गेली, तेव्हा मांडवातल्या स्पीकरवरून कुणीतरी ओरडलं, "झोनमध्ये या रे!" आरतीला आलेल्या बायका घाबरून मांडवात शिरल्या.

कराड_ते_म्युनिक

आमचा चौघांचा एक स्क्वॉड होता, २०१८ पासून. सप्टेंबर २०२० ला बंदी आली, ३० ऑक्टोबरला भारतातले सर्व्हर थांबले. शेवटच्या रात्री आम्ही मीरामार नकाशावर उतरलो आणि कुणालाच न मारता नुसती गाडी फिरवली, पेट्रोल संपेपर्यंत.

मी नंतर इकडे आलो. जुलै २०२१ मध्ये तिकडे बीजीएमआय आलं, तिघे त्यात गेले. माझ्याकडे इथलं पबजी मोबाइल. दोन्ही दिसायला तेच, नकाशे तेच, तीच घरं, पण दोन्हीकडचे लोक एका मॅचमध्ये येऊ शकत नाहीत. त्यामुळे मी कुठला मोड खेळतो याचं उत्तर, सोलो. कधीकधी रविवारी व्हिडिओ कॉल लावून ते त्यांची मॅच खेळतात आणि मी बघतो. "उजवीकडे, झाडामागे," असं सांगतो. मला दिसतं ते त्यांच्यापेक्षा थोडं उशिरा, त्यामुळे मी सांगेपर्यंत ते मेलेले असतात.

पोचिंकीकर

शनिवारी रूम लावतो. लिविक, टीपीपी, स्क्वॉड. @दोन_जीबी_रॅम माझ्या टीममध्ये. @अडत्या_लातूर, यात घरून काही आणावं लागत नाही, या. @कराड_ते_म्युनिक, कॉल चालू ठेवतो, झाडामागे कोण ते सांगा. साडेनऊला?

लिविकची_आई

साडेनऊ नको, दहा करा. ओटा आवरायचा असतो.