ॲटलास: ओपल हवा तर बेट बदला
'ॲटलास' या समुद्री चाच्यांच्या ऑनलाइन खेळात एकाच डोंगरावर दिवसभर खणूनही ओपल (एक रत्न) मिळाला नाही, अशी एका खेळाडूची तक्रार आहे. तिथे तो मिळणारच नाही! 'ॲटलास'मध्ये रत्नांचे प्रकार बेटांनुसार विखुरलेले आहेत. गार्नेटच्या बेटावर कितीही कुदळ मारा, गार्नेटच निघणार. आणि वरच्या प्रतीच्या ब्लूप्रिंटला (वस्तू बनवायच्या आराखड्याला) एकाच रत्नाचा ढीग चालत नाही, वेगवेगळे प्रकार लागतात. तेव्हा भटकायलाच हवं, आणि मला विचाराल तर खेळातली खरी मजा तीच. स्कूनरला (शिडाच्या जहाजाला) वजन पेलणारं शीड लावा, पण क्षमतेपलीकडे भरू नका, जहाज बुडतं. परतताना 'शिप ऑफ द डॅम्ड' हे हल्ला करणारं भुताचं जहाज दिसलं की लांबूनच वळसा घ्या. हो, आणि सोबत बेरी ठेवा; नुसत्या मांसावर राहिलात तर पडद्यावरचा क जीवनसत्त्वाचा पट्टा भराभर उतरतो.